फ्रान्सात राहिलेली बसवणी

लग्नानंतरच्या पहिल्याच शिमग्याला मैनानं एक गोष्ट पाहिली आणि ती तिच्या डोक्यात पुढं सहा-सात वर्षं ठाण मांडून बसली.

उतेकरवाडी कुडपणच्या बाजूला, सड्याच्या, म्हणजे डोंगरावरच्या कातळपठाराच्या, अगदी कडेला. वीस-बावीस घरं, त्यातली निम्मी कुलूपबंद, कारण माणसं मुंबईला. पण शिमग्याला सगळी कुलपं निघतात. वाघजाईची पालखी घरोघर फिरून देवळात परत आली, की ज्याचा त्याचा मान द्यायचा. गुरवाचा, पालखीला खांदा देणाऱ्यांचा आणि खालूबाजावाल्यांचा. खालूबाजा म्हणजे सनई, ढोल आणि टिमकी. त्यात सनईवाल्याचा नारळ पहिला. १९९४ च्या त्या शिमग्यात तो पहिला नारळ मैनाच्या नवऱ्याच्या, सहदेवच्या हातात आला. त्यानं तो कपाळाला लावला, मागं वळला आणि देवळाच्या पायरीवर ठेवून दिला. घरी आणलाच नाही.

आता दुसरी कोणी नवी नवरी असती तर तिच्या लक्षातही आलं नसतं. पण मैना पोलादपूरच्या एसटी स्टँडजवळच्या शिंप्याच्या दुकानात वाढलेली. गिऱ्हाइकाच्या छातीचं माप घेता घेता त्याच्या पोटातलं कसं काढून घ्यायचं, हे तिनं बापाच्या शेजारी बसून पाहिलेलं. बापाच्या आजारपणात तिचं लग्न लांबलं, पण चौकसपणा काही कमी झाला नव्हता.

"अहो, नारळ का ठेवलात?"

"देवीचा तो. देवीला दिला."

"मग ढोलवाल्यानं घरी नेला तो कोणाचा?"

सहदेवनं बिडी पेटवली. बिडी पेटली की त्याचं बोलणं विझायचं, हे तिला लग्नाच्या तिसऱ्या दिवशीच कळलं होतं. मग तिनं सासूला, ठकूबाईला विचारलं.

"फ्रान्सवरनं आला तवापास्नं असाच हाय गो," ठकूबाई म्हणाली. "माझ्या पोटचा हाय, पण त्याच्या पोटात काय हाय ते मला ठाव नाय."

सहदेव फ्रान्सला होता, हे वाडीला मान्य होतं. आलेली पत्रं, त्यांवरची तिकिटं, येताना आणलेली अ‍ॅकॉर्डियनची भलीमोठी पेटी, सगळा पुरावा होता. पण तिथं तो काय करत होता, यावर वाडीत दोन तट होते. पहिल्या तटाचं म्हणणं, हॉटेलात भांडी घासत होता. दुसऱ्या तटाचं म्हणणं, सिनेमात काम करत होता. दुसऱ्या तटात मैना एकटी होती.

तिनं नवऱ्याची हकिगत तुकड्यातुकड्यानं गोळा केली. नाचणी झोडताना एक तुकडा, म्हशीला पाणी दाखवताना दुसरा. बाराव्या वर्षी सोनबातात्यांनी त्याच्या हातात सनई दिली. सोनबातात्या म्हणजे या डोंगरातले सगळ्यात थोर सनईवाले. गाल न फुगवता अर्धा तास सूर धरायचे. सतराव्या वर्षी सहदेव मुंबईला गेला आणि ओळखीनं कुलाब्याला एका फ्रेंच कुटुंबाच्या स्वयंपाकघरात लागला. घरच्या बाईचं नाव मादाम क्लेर. फ्रेंचमधला पहिला शब्द तो शिकला तो दूध उतू जाताना. मादाम किंचाळली 'आतांस्यों!', म्हणजे 'सांभाळ!', आणि यानं गॅस बंद केला. तिथून पुढं कांदा, सुरी, मीठ, 'पोरांना जेवू घाल', 'दार लाव' असं करत करत सहा वर्षांत तो भांडायला लागण्याइतकं फ्रेंच शिकला. दुपारी बाई अ‍ॅकॉर्डियन वाजवायची. एकदा हा ओट्यापाशी उभा राहून तीच चाल सनईवर काढत होता, तर बाई पेटी गळ्यात तशीच ठेवून स्वयंपाकघरात आली. त्या दिवशी घरात जेवायला उशीर झाला, एवढंच सहदेव सांगायचा.

कुटुंब मायदेशी परतलं तेव्हा त्याला सोबत घेऊन गेलं. मादामच्या भावाची फिरती नाटक मंडळी होती. सहदेव तिथं आधी आचारी, मग एकदा तुतारीवाला तापानं पडला म्हणून वाजवणारा, आणि मग हळूहळू सगळंच. सनई, अ‍ॅकॉर्डियन, ताशासारखं एक वाद्य, गाण्यांत मागचा आवाज, नाटकात मुका नोकर, आणि मुक्याला बोलायला लावल्यावर बोलका नोकर. सिनेमावाल्यांनी त्याला तिथं हेरलं. त्यांना सावळा चेहरा हवा असायचा आणि तो कुठल्या देशाचा आहे याची फारशी फिकीर नसायची.

"किती सिनेमे?" मैनानं विचारलं.

"अकरा."

"काय काय केलंत त्यांत?"

"चारदा मेलो. तीनदा ट्रे घेऊन आत आलो. दोनदा गालिचे विकले. एकदा राजा झालो."

"राजा! काय बोललात?"

"राजाला बोलणं नव्हतं. हत्तीवर बसायचं होतं. हत्ती पण आला नाय, मग जिन्यावर बसवलं."

मैना पोट धरून हसली. पण हसता हसता शिंप्याच्या पोरीनं बोटं मोडून हिशेब केला. चार, तीन, दोन आणि एक. दहा झाले.

"आणि अकरावा?"

सहदेवनं बिडी पेटवली.

आता इथं एक गोष्ट सांगायलाच हवी, नाहीतर पुढचं कळायचं नाही. खालूबाजाच्या इतर चाली कुठंही वाजवा, लग्नात वाजवा, हळदीत वाजवा, मुंबईत क्रिकेटचा कप जिंकला म्हणून वाजवा. पण उतेकरवाडीच्या दोन चाली देवीच्या. पालखी सहाणेवरून, म्हणजे तिच्या दगडी ओट्यावरून खांद्यावर उचलताना सनईवर वाजते ती उठवणी. ती सुरू झाली की लहानथोर सगळ्यांनी उभं राहायचं, पायातलं काढायचं, आणि बसवणी वाजून देवी जागेवर बसेपर्यंत कोणी बूड टेकायचं नाही. या चाली शिवेबाहेर वाजवायच्या नाहीत, आणि पालखीशिवाय तर नाहीच नाही.

हा नियम नुसता सांगण्यापुरता नव्हता. सोनबातात्यांचा सख्खा धाकटा भाऊ जानू मुंबईत चाळीच्या गणपतीपुढं वाजवायचा. एका वर्षी पोरांनी फारच उचलून धरलं आणि त्यानं उठवणी वाजवली. बातमी वर आली. पुढच्या शिमग्याला जानू सनई घेऊन देवळापुढं उभा राहिला, तेव्हा सोनबातात्यांनीच स्वतःच्या हातानं ती त्याच्या हातातून काढून घेतली. जानू पुन्हा वाडीला आला नाही, मुंबईतच वारला. ठकूबाई ही गोष्ट सांगताना अजून आवाज खाली घ्यायची.

मग सोनबातात्यांचे डोळे गेले, पाठोपाठ दमही गेला. दोन वर्षं पालखी नुसत्या ढोलावर उठली. ठकूबाईनं कोणाकडून तरी फ्रान्सला पत्र लिहवून घेतलं, की सनई मुकी झाली, ये. आणि सहदेव चालती कामं टाकून १९९३ साली परत आला. या एवढ्या गोष्टीवर मैनाचा फार जीव होता. भांडी घासणारा माणूस पत्रावर परत येईलही, पण राजाचं काम टाकून येणारा विरळाच, असं तिला मनापासून वाटायचं.

वाडीला तसं वाटत नव्हतं. शिमग्याला आलेली मुंबईची पोरं त्याला 'पॅरिस' म्हणायची.

"काय पॅरिस, यंदा कितीदा मेलात?"

"लास्ट सिनेमा कोणता हो काका? थेटरला कवा लागतोय?"

सहदेव हसायचा. मैनाच्या मात्र तळपायाची आग मस्तकाला जायची. अनोळखी माणसानं थापाड्या म्हटलं तर सोडून देता येतं, पण घरच्या दारात, पुरणपोळी खाऊन वर म्हणायचं म्हणजे काय!

फ्रेंच येतं हे तरी १९९९ मध्ये सिद्ध झालं. सहदेव महाडच्या औद्योगिक वसाहतीत एका केमिकल कारखान्याच्या कँटीनला होता. आठवडाभर खाली चार जणांत खोली, सुट्टीला वर घरी. कारखान्यात फ्रान्सवरून एक मशीन आलं. ते जोडायला बर्नार नावाचा इंजिनिअर आला आणि मशीन काही चालेना. बर्नारसाहेबाचं इंग्रजी मॅनेजरला कळेना, मॅनेजरचं साहेबाला कळेना. दोघं एकमेकांवर मोठ्यानं बोलायला लागले, जणू काही आवाज चढवला की भाषा सोपी होते. तेवढ्यात शिफ्टच्या कोणीतरी सांगितलं, कँटीनमध्ये आमचा पॅरिस आहे.

सहदेव उसळीचा डाव हातात घेऊनच आला. आता त्याचं फ्रेंच स्वयंपाकघरातलं आणि नाटकातलं. मशीनच्या भागांची नावं त्याला कुठून येणार? व्हॉल्व्हला तो कुकरची शिट्टी म्हणाला, जाळीला गाळणी म्हणाला, आणि पाइप फिरवायचा का हे विचारायला त्यानं सिनेमातल्या डायरेक्टरसारखं 'तोंड तिकडं कर' असं म्हटलं. बर्नारसाहेब आधी अवाक झाला, मग गदागदा हसला. पंधरा मिनिटं तो सांगत होता. सगळं ऐकून सहदेवनं मॅनेजरला मराठीत सांगितलं, "गाळणी उलटी बसवलीय." मशीन दुपारी चालू झालं.

महिनाभर साहेबानं त्याला सोडला नाही. जायच्या आधीच्या रविवारी कंपनीची जीप घेऊन तो थेट उतेकरवाडीला जेवायला आला. मैनानं कोंबडी केली होती, ठकूबाईनं भाकऱ्या. अंगणात पाय ठेवून साहेबानं 'नमस्ते' म्हटलं, आत पाहिलं, आणि त्याला भिंतीवर टांगलेली सनई दिसली. त्यानं सनईकडं पाहिलं, सहदेवकडं पाहिलं, पुन्हा सनईकडं पाहिलं आणि कपाळावर हात मारला. मग तो खाली बसला आणि त्यानं बुटांच्या नाड्या सोडल्या. बूट काढले, मोजे काढले आणि अंगणाच्या मधोमध अनवाणी ताठ उभा राहिला. काहीतरी भरभरून बोलत होता. बोलता बोलता त्याचे डोळे भरून आले.

मैना साहेबाकडं नाही, नवऱ्याकडं पाहत होती. सहदेवचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"काय म्हणतायत?" तिनं विचारलं.

"चटणी तिखट लागली म्हणतात."

चटणी अजून पाट्यावरच होती.

पुढच्या फेब्रुवारीत पोस्टमननं बर्नारसाहेबाचं एक जाड पाकीट आणून दिलं. सहदेव खाली महाडला होता. मैनानं पाकीट उघडलं. ती न उघडती तर ती मैना कसली! आत व्हिडिओ कॅसेट होती. कव्हरवर लांब कोट घातलेला, तरणाबांड सहदेव, तोंडाला सनई, मागं गोऱ्या माणसांचा घोळका. मैना चुलीपुढं बसली. तिला रडू आलं, मग हसू आलं, मग राग आला. हाच तो अकरावा! मेलेला नाही, ट्रे घेतलेला नाही, चांगला कव्हरवर छापलेला. आणि हा माणूस गप्प! एवढा कसला म्हणते मी विनय?

तिनं कॅसेट तांदळाच्या डब्यात पुरून ठेवली. सहदेवला सांगितलं तर तो बिडी पेटवणार, हे ठरलेलं. म्हणून सांगायचंच नाही. शिमग्याला सगळी वाडी जमली की सगळ्यांची तोंडं एकदम बंद करायची. शहाण्या बायका करतात ती चूक तिनं केली. जे तिला माहीत नव्हतं, ते दडवण्यासारखं असेल अशी शंकाच तिला आली नाही.

शिमग्याच्या दुसऱ्या दिवशी मुंबईकर वर्गणी काढून व्हिडिओ आणायचे. त्या वर्षी तो मैनाच्या भावाचाच होता. रामाचं पोलादपूरला टीव्ही-व्हिडिओ भाड्यानं देण्याचं दुकान. आदल्या दिवशी पालखी व्यवस्थित फिरली, सहदेवनं उठवणी वाजवली, बसवणी वाजवली आणि नारळ, सातव्या वर्षीही, पायरीवर ठेवला. दुपारची जेवणं झाल्यावर देवळाच्या सभामंडपात घोंगड्या टांगून अंधार केला. सगळे एखादा देवाधर्माचा सिनेमा समजून बसले. बाया पुढं, बाप्ये मागं. सोनबातात्यांना दिसत नसलं तरी ऐकायला आवडायचं, म्हणून त्यांना खांबाला टेकवून पुढंच बसवलेलं. मैना त्यांच्या शेजारी. सहदेव उशिरा आला आणि दारापाशी उकिडवा बसला.

रामानं कॅसेट घातली. चित्र आलं, पण काळंपांढरं आणि जरा थरथरणारं.

"रंग कुठाय रे?" मुंबईचा एक पोरगा ओरडला.

"तिकडची कॅसेट हाय. आपल्या मशीनवर रंग येत नाय," रामा म्हणाला. "गप बघा. पावण्यांना वळखता काय?"

पडद्यावर एक रस्ता होता. रस्त्यावरून लांब कोटातला माणूस पिशवी खांद्याला लावून येत होता. तो जवळ आला आणि मंडपात एकदम गलका झाला. शिट्ट्या, टाळ्या.

"अगं बाय, सहदेव!"

"पॅरिस! खरंच पॅरिस हाय रे!"

पडद्यावरचा सहदेव एका म्हातारीशी फडाफडा फ्रेंच बोलला. कोणाला काही कळलं नाही आणि सगळ्यांना फार आवडलं. मैनानं मान वळवून दाराकडं पाहिलं. तिला वाटलं होतं तो लाजलेला असेल. तो उभा होता. दोन्ही हात खांबावर होते, आणि तो तिच्याकडं अशा नजरेनं पाहत होता की तिच्या हातातलं विड्याचं पान खाली पडलं.

"बंद कर," तो रामाला म्हणाला. पण गलक्यात ते कोणाला ऐकू गेलं नाही.

पडद्यावर एक गाव आलं. दगडी देऊळ त्यांचं, घंटा वाजत होती. लोक जमलेले. आतून सहा माणसांनी लाकडी दांड्यांवर ठेवलेली एक मूर्ती आणली, अंगावर शाल, डोक्यावर मुकुट, आणि एका दमात खांद्यावर उचलली. कोटातल्या माणसानं सनई तोंडाला लावली.

उठवणी वाजली.

पहिल्या सुराला ठकूबाई उठली. ती ठरवून उठली नाही, गुडघेच उठले. तिच्यामागं बाया उठल्या, बाप्ये उठले, मुंबईची पोरं उठली. एकाचा बूट पायात राहिला होता, त्यानं तो उभ्या उभ्या मागं सरकवला. सोनबातात्या खांब धरून उभे राहिले. अख्खी वाडी टीव्हीपुढं उभी होती आणि चालीशिवाय आवाज नव्हता.

तेव्हा मैनाला सगळं एकदम कळलं. पायरीवरचे सात नारळ कळले, अकरावा सिनेमा कळला, पाट्यावरची चटणी कळली, आणि हा सिनेमा पाहिलेला साहेब सनई दिसताच अनवाणी का झाला तेही कळलं. जानूचं काय झालं ते तिला आठवलं. नवऱ्याला खरा ठरवायला निघालेल्या तिनं, नवऱ्याच्या हातातली सनई काढून घ्यायचा पुरावा स्वतः तांदळाच्या डब्यातून काढून वाडीपुढं मांडला होता. तिला वाटलं, पुढं होऊन ते मशीन फोडावं. पण उठवणी चालू असताना जागचं हलायचं नसतं.

"मैना," सोनबातात्यांनी विचारलं. आवाज शांत होता, म्हणून जास्तच भीती वाटली. "मला दिसत नाय. ती माणसं काय करतायत गो?"

"उभी हायत, तात्या."

"ते असतीलच. पाय बघ. त्यांच्या पायात काय हाय?"

मैनानं डोळे पुसून पडद्याकडं पाहिलं. ओलं गवत होतं. त्यात पाय होते. म्हाताऱ्यांचे, बायांचे, पोरांचे, मूर्ती उचललेल्या सहा माणसांचे. दूर भिंतीपाशी बुटांचा ढीग पडला होता.

"काय नाय," ती म्हणाली. "अनवाणी हायत, तात्या. सगळी अनवाणी हायत. थंडीत."

तात्या ऐकत राहिले. उठवणी संपली. पडद्यावर मूर्ती गल्लीच्या वळणाआड गेली, आणि लगेच एक मोटार आली, मोटारीत कोणीतरी भांडायला लागलं. तात्यांची मान तशीच वाकडी, कान पुढं केलेला. ते वाट पाहत होते. बराच वेळ मोटारीतलं भांडण चाललं.

"बसवणी कुठं हाय रे, सहदेव?"

सहदेव पुढं आला. "राहिली, तात्या."

मग दहा वर्षांत जे बिडीच्या धुरात गेलं होतं ते त्यानं उभ्या उभ्या सांगितलं. मूर्ती सिनेमाची नव्हती, त्या गावाची खरी होती, शूटिंगला मागून आणलेली. त्याला दुसरी चाल वाजवायची होती. पण महिना शिमग्याचा. त्या माणसांनी मूर्ती खांद्यावर उचलली, दांडी खांद्यावर बसताना तोच तो आवाज आला, आणि त्याची बोटं आपसूक उठवणीवर गेली. अर्ध्यात त्याला भान आलं आणि तो थांबला. डायरेक्टर म्हणाला, हीच चाल पाहिजे. सहदेव म्हणाला, मग सगळ्यांनी पायातलं काढायचं. त्याला वाटलं, कोणी काढणार नाही आणि आपण सुटू. पण एका म्हातारीनं आधी काढले, आणि मग सगळ्या गावानं.

"वाजवून झाल्यावर मी म्हटलं, आता बसवायची चाल. ते म्हणाले, झालं काम, पुरे. मूर्ती टेंपोत घातली आणि नेली. मी टेंपोमागं पळालो, तात्या. देव उठवला आणि बसवला नाय. इथं दर साली बसवतो ती इथली. तिथली तशीच हाय." त्यानं कालपासून देवळाच्या कोनाड्यात ठेवलेली सनई काढली आणि दोन्ही हातांवर तात्यांपुढं धरली. "जानूकाकाची घेतलीत तशी घ्या."

मैनाला तात्यांचे हात दिसत होते. ते पुढं आले, सनई चाचपली, पार टोकापर्यंत. सख्ख्या भावाची सनई काढून घेणारे हात. ते सनईवरच थांबले.

"जानूनं विचारलं नव्हतं, त्यांच्या पायात काय हाय," तात्या म्हणाले. "मी पण त्याला कधी काय विचारलं नाय." मग त्यांनी सनई सहदेवच्याच अंगाकडं सारली. "रामा, ते मागं फिरतंय काय रे? ती माणसं परत आण. आणि थांबव तिथं."

रामानं कॅसेट मागं फिरवली. माणसं उलटी उलटी चालत आली आणि गवतावर थांबली. चित्रावर एक पांढरी रेघ थरथरत राहिली. अनवाणी गाव उतेकरवाडीकडं पाहत होतं आणि उतेकरवाडी त्याच्याकडं.

"आता बसव," तात्या म्हणाले.

सहदेवनं बसवणी वाजवली. मधे एकदा दम फुटला, पण त्यानं सूर सोडला नाही. शेवटच्या सुराला ठकूबाई बसली, मग एकेक करत सगळे बसले. तात्या सर्वांत शेवटी, मैनाचा हात धरून. बसल्यावर त्यांनी पायरीकडं बोट दाखवलं. कालचा नारळ अजून तिथंच होता. मैनाच उठली, तिनंच तो आणला आणि तात्यांच्या हातून नवऱ्याच्या हातात दिला. या वेळी तो त्यानं कपाळाला लावला आणि खाली ठेवला नाही.

त्यानंतर वाडीत त्याला 'पॅरिस' म्हणायचं कोणी थांबलं नाही. नाव तेच राहिलं, म्हणायची तऱ्हा बदलली.

आठवड्यानं सहदेव पडवीत बसून बर्नारसाहेबाला पत्र लिहीत होता. मैना शेजारी मानाच्या नारळाचं खोबरं खवत होती. पत्र फ्रेंचमध्ये, चांगलं पानभर.

"काय लिहिलंत?"

त्याचा हात बिडीच्या बंडलाकडं गेला. मग त्यानं बंडल बाजूला सारलं.

"लिहिलंय, त्या गावी कधी गेलात तर सगळ्यांना माझा निरोप सांगा. म्हणावं, देवी बसली. उशीर झाला, माफ करा. आता बूट घाला."